घरातल्या घरात कोण कोणाला डांबून ठेवतं?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मागच्या आठवड्यात आपल्या दैनिकाच्या आतल्या पानावर एक चौकट होती. मुलगी बेपत्ता झाली म्हणून वडिलांनी उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात याचिका केली, पोलिसांनी तिला पुण्याकडून शोधून आणले, तिने न्यायमूर्तींसमोर 'मी सज्ञान आहे, माझ्या मर्जीने लग्न केले आहे' असे सांगितले आणि याचिका निकाली निघाली. बातमी एवढीच. पण तिच्यात मुलीचे गाव होते, तालुका होता, दोन्हीकडची जात होती आणि मुलगा कोणत्या औद्योगिक वसाहतीत कामाला आहे तेही होते. मी पोलीस खात्यात शिपाई म्हणून लागले आणि सहायक फौजदार म्हणून निवृत्त झाले. नोकरीचा बहुतेक काळ परभणी आणि हिंगोली जिल्ह्यांतल्या ठाण्यांत गेला. अशा मुलीला आणायला जायचे, खंडपीठात उभे करायचे, निकालानंतर ती म्हणेल तिथे पोचवायचे, या कामाला बाईमाणूस लागते, म्हणून ते माझ्याकडे येत गेले. त्या चौकटीत जे मावले नाही ते लिहीत आहे. पत्र लांबले आहे. कापायचे झाल्यास शेवटचा भाग तेवढा ठेवावा, ही विनंती.

या याचिकेचे कागदावरचे नाव बंदी प्रत्यक्षीकरण. ठाण्यात मात्र सगळे 'हेबियस' म्हणतात. संविधानाच्या २२६ व्या कलमाखाली उच्च न्यायालयात आणि ३२ व्या कलमाखाली सर्वोच्च न्यायालयात ती करता येते. एखाद्याला बेकायदा अडकवून ठेवले असेल तर त्याला आमच्यापुढे आणा आणि कशाच्या आधारावर अडकवले ते सांगा, असे न्यायालय अडकवणाऱ्याला विचारते. सरकारलासुद्धा हा प्रश्न टाळता येत नाही. आणीबाणीत १९७६ साली सर्वोच्च न्यायालयाने हा दरवाजा बंद केला होता आणि तो निकाल चुकीचा होता असे त्याच न्यायालयाने लिहून द्यायला २०१७ उजाडले. इतक्या मोलाची ही गोष्ट आहे, म्हणून तिचा आमच्याकडे कसा वापर होतो याचे मला वाईट वाटते.

आमच्या ठाण्यांत हेबियस आली की ती तुरुंगातल्या माणसासाठी क्वचितच असायची. बहुतेक वेळा ती लग्न करून निघून गेलेल्या मुलीसाठी असायची. त्याचे कारण सांगते. सज्ञान मुलगी गेली की 'मिसिंग' दाखल होते. तपास बीट अंमलदाराकडे जातो आणि त्याच्यामागे बंदोबस्त, समन्स, यात्रा, निवडणूक सगळेच असते. कागद पडून राहतो. हेबियस दाखल झाली की सगळे पळू लागतात. सरकारी वकिलांचा फोन येतो, प्रकरण बोर्डावर लागलेले असते, अधीक्षक कार्यालय रोज विचारते, सीडीआर म्हणजे मोबाइलच्या कॉलची यादी निघते, टॉवरचे लोकेशन मिळते, पथक चाकणला नाहीतर सुरतेला रवाना होते. वकिलांना हे पाठ असते. 'हेबियस टाकू, पोरगी समोर उभी राहील,' असे ते पक्षकाराला सांगतात. ते खोटे नसते. पोरगी समोर उभी राहतेच. त्यानंतर काय होणार, हे मात्र त्या बापाला कोणी सांगत नाही.

परभणीपासून खंडपीठ दोनशे किलोमीटर. किनवट, देगलूरकडच्या लोकांना त्याहून कितीतरी लांब. माणसे रात्रीच निघून जालना रोडला येऊन बसतात. पुष्कळ जण भाड्याची जीप करतात आणि परतताना पोरगी सोबत असणार म्हणून तिची जागा धरूनच माणसे बसवतात. आईच्या पिशवीत पोरीचा एखादा ड्रेस असतो. त्यांना वाटते न्यायमूर्ती पोरीला दोन शब्द सुनावतील आणि बापाच्या हवाली करतील. अठरा वर्षे पूर्ण झालेली मुलगी कुणाच्या हवाली करता येत नाही, हे त्यांना तिथे, त्या दालनात, भर गर्दीत पहिल्यांदा कळते. याचिका बापाच्या नावाने असते, पण पैसा आणि जोर बहुधा चुलत्यांचा असतो. निकालानंतर बाप खाली बसून राहतो आणि चुलते वकिलाशी भांडत असतात, असे मी पाहिले आहे.

२००६ साली लता सिंग यांच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले की मुलगी सज्ञान असेल तर ती कोणाशीही लग्न करू शकते. आई-वडिलांना पटत नसेल तर त्यांनी फार तर संबंध तोडावेत, पण धमकी, मारहाण, छळ करता येणार नाही. आपल्या मुलीचे नाव सांगायला बाप पहिल्यांदा ठाण्याची पायरी चढतो, त्याच वेळी त्याला खुर्ची देऊन, पाणी देऊन हे सांगितले पाहिजे. मुलगी सापडेल, ती सुखरूप आहे का ते आम्ही बघू, पण तिची यायची इच्छा नसेल तर आम्ही किंवा न्यायालय तिला आणून देऊ शकणार नाही, असे. त्याऐवजी 'बघू, शोधू, लोकेशन लागतंय' असे सांगून त्याला हेलपाटे घालायला लावतात. दोन एकरांवाल्या माणसाने सोयाबीनचे पैसे वकिलाला देऊन टाकायचे आणि शेवटी हात हलवत परतायचे, यात त्याचाही छळच आहे.

अठराच्या आतल्या मुलीची गोष्ट वेगळी. तिथे अपहरणाचा गुन्हा दाखल होतो, बालकल्याण समिती येते, पोक्सो लागतो, आणि ते तसेच व्हायला हवे. पण आमच्याकडे वयाचा घोळ फार. शाळेत नाव घालताना गुरुजींनी जन्मतारीख १ जून टाकून दिलेली घरेच्या घरे आहेत. आई-बाप ऊसतोडीला गेलेले असताना जन्मलेल्या लेकराची नोंद कुठल्या गावात झाली, झाली की नाही, हे घरात कोणाला सांगता येत नाही. आणि एक गोष्ट मी कितीदा तरी पाहिली. सोयरिकीच्या बैठकीत जी मुलगी 'अठरा संपून एकोणीस लागलं' म्हणून सांगितली होती, तीच मुलगी निघून गेल्यावर वडिलांच्या फिर्यादीत सतरा वर्षे दहा महिन्यांची होते. बाल न्याय कायद्यात वय ठरवायचा क्रम दिलेला आहे: आधी शाळेचा दाखला किंवा दहावीचे प्रमाणपत्र, ते नसेल तर ग्रामपंचायत-नगरपालिकेचा जन्मदाखला, तोही नसेल तरच वैद्यकीय तपासणी. दाखला मागवायला एक फेरी पुरते. तरीही दाखल्यावर एकोणीस दिसणाऱ्या मुलीला 'चौकशी होईपर्यंत' सुधारगृहात ठेवल्याचे मला माहीत आहे. सत्तरच्या दशकातच, दिल्लीच्या नारी निकेतनातल्या एका मुलीच्या प्रकरणात, सज्ञान मुलीला तिच्या मर्जीविरुद्ध अशा ठिकाणी ठेवता येत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने सांगितलेले आहे. मुलगा एकवीसचा नाही, ही अशीच दुसरी सबब. २०१८ मध्ये केरळच्या नंदकुमार प्रकरणात मुलगी सज्ञान होती, मुलाला एकवीस पूर्ण नव्हते, म्हणून उच्च न्यायालयाने तिला वडिलांकडे सोपवले. सर्वोच्च न्यायालयाने ते रद्द केले. दोघेही अठराच्या पुढचे आहेत, त्यांना सोबत राहायचा हक्क आहे, असे म्हटले.

आता ज्यासाठी हे पत्र लिहायला बसले ते.

खंडपीठात पुकारा व्हायला वेळ लागतो. मुलगी आम्हा दोन बायकांच्या मधे बाकावर बसलेली असते. वीस पावलांवर आई, आजी, आत्या, चुलते, गावातले दोन-चार पुढारी. थोड्या वेळाने कोणीतरी येते, 'मॅडम, पाच मिनिटं बोलू द्या, माय हाय शेवटी.' कधी न्यायालयच सांगते, 'मुलीला कुटुंबाशी बोलू द्या, मग आम्ही विचारतो.' हेतू चांगला असतो. पण ते बोलणे कसे असते हे बाकावर तिच्या शेजारी बसणाऱ्यालाच माहीत. आई पोरीच्या पायावर डोके ठेवते. 'घरी चल, न्हाई तर मी औषध घेते,' म्हणते. आमच्याकडे औषध म्हणजे कापसावर फवारायचे. आजी सांगते, तुझ्या बापानं अन्नाला शिवलं नाही. आत्या कानाशी लागते, 'धाकटीची सोयरीक मोडायली तुझ्यापायी.' यातले पुष्कळसे खरे असते. पोरीलाही ते ठाऊक असते. ती थरथरत असते, आणि तेवढ्यात पुकारा होतो. न्यायमूर्ती विचारतात, कुठे जायचे आहे? पोरगी आईकडे बघते आणि म्हणते, आई-वडिलांसोबत. ती तिची इच्छा म्हणून नोंदली जाते.

पूर्णेच्या काठच्या एका गावातली अशी एक मुलगी होती. बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला. आळंदीला लग्न लावून आलेली, मुलगा दुसऱ्या जातीचा, शिकलेला, कामाला लागलेला. वडिलांच्या याचिकेवर तिला आम्ही आणले. गाडीत सबंध रस्ता ती मला सांगत होती की मावशी, मी काय बोलायचं ते पाठ केलंय, मला नवऱ्याकडेच जायचंय. बाकावर अर्धा तास आईजवळ बसली आणि आत जाऊन आई-वडिलांकडे जाते म्हणाली. मी तिला जीपमध्ये बसताना पाहिले.

काही महिन्यांनी त्याच मुलीसाठी हेबियस आली. या वेळी मुलाची. पोरगी गावात नव्हती, मामाच्या गावी आखाड्यावर, म्हणजे शेतातल्या घरात, ठेवली होती. आम्ही गेलो तेव्हा आजी बाजेवर बसून तूर निवडत होती आणि आखाड्याच्या दाराला बाहेरून कडी होती. वडील तिथेच होते. आमच्या उपनिरीक्षकांनी मुलीला बाहेर बोलावले, 'ठीक आहेस ना?' विचारले, ती मान हलवून गप्प राहिली, आणि साहेबांनी लिहायला घेतले: सदर मुलगी ही तिचे आई-वडिलांचे ताब्यात सुखरूप मिळून आली. मी म्हटले, साहेब, दोन मिनिटे मला बाजूला बोलू द्या. वडील मधे आले. रागाने नाही, अगदी खरेपणाने म्हणाले, "मॅडम, घरातल्या घरात कोण कोणाला डांबून ठेवतं? पोरगी हाय माझी."

मी तिला विहिरीच्या पलीकडे मोटारीच्या खोलीपाशी नेले. फोन फोडला होता. कॉलेजातून टी.सी. काढून आणली होती. परसाकडेसुद्धा आजीशिवाय जाता येत नव्हते. बीदरकडच्या एका बिजवराशी बोलणी झाली होती, तारीख काढायची राहिली होती. ती म्हणाली, "मावशी, आज नेलं न्हाई तर पुढच्या खेपेला मी हितं सापडणार न्हाई." मी तिचा जबाब तिथेच लिहिला आणि तिने सही केली. साहेबांनी तो वाचला आणि स्वतः लिहायला घेतलेला कागद फाडला, एवढे त्यांच्याबद्दल सांगायला हवे. दुसऱ्या दिवशी खंडपीठात न्यायमूर्तींनी तिला चेंबरमध्ये बोलावले. आई-वडील नाहीत, मुलगा नाही, आम्हीसुद्धा दाराबाहेर. ती बाहेर आली ती सरळ चालत. आज ती नोकरी करते. कुठे, ते लिहीत नाही.

तीच मुलगी, तेच खंडपीठ, तशीच याचिका. दोन उत्तरे आली ती विचारण्याच्या पद्धतीमुळे. बापाची याचिका आली तेव्हा ती पुण्यात भाड्याच्या खोलीत मोकळी राहत होती, सकाळी नळावर पाणी भरत होती, दळण आणत होती, आणि तिला शोधायला पथक, गाडी, लोकेशन सगळे धावले. ती खरोखर कडीच्या आत होती तेव्हा आमचे लोक 'आई-वडिलांकडेच आहे ना' म्हणून निवांत होते. माझे म्हणणे एवढेच आहे. लग्नाच्या भांडणात हेबियस आली की डांबून ठेवलेली मुलगी नवऱ्याकडेच असणार, असे पोलीस धरून चालतात. घर म्हटले की आमचा संशय संपतो. सज्ञान मुलगी कुठेही सापडो, सासरी, माहेरी, मामाकडे, वसतिगृहात, तिला सगळ्यांपासून बाजूला घेऊन आधी विचारले पाहिजे, आणि विचारल्यानंतर तिचे मन वळवायला कोणाला मधे सोडू नये.

केरळच्या हादिया प्रकरणाने हे सबंध देशाला दाखवले होते. चोवीस वर्षांची, होमिओपॅथी शिकणारी मुलगी. वडिलांच्या हेबियसवर उच्च न्यायालयाने मे २०१७ मध्ये तिचे लग्नच रद्द करून तिला वडिलांच्या घरी पाठवले. त्या घरात ती पोलीस पहाऱ्यात सहा महिने राहिली. नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयात उभी राहिली तेव्हा तिने स्वातंत्र्य मागितले. मार्च २०१८ मध्ये तिचे लग्न पुन्हा वैध ठरले. तिला कोणी अडकवले आहे का हे तपासण्यासाठी केलेल्या याचिकेनेच तिला अडकवून टाकले होते. तिचा धर्म, तिचा नवरा, त्यावर ज्यांना जे म्हणायचे ते म्हणोत. चोवीस वर्षांच्या मुलीला बापाच्या घरात पहाऱ्यात ठेवणे मला पोलीस म्हणून कधीच पटले नाही.

मुलगा याचिका करतो तेव्हा काय होते तेही पाहावे. त्याला पहिला प्रश्न असतो, तू कोण? लग्नाची नोंदणी दाखव, फोटो दाखव, साक्षीदार आण. विशेष विवाह कायद्याखाली नोंदणी करायची तर तीस दिवस नोटीस फलकावर लागते, आणि त्या तीस दिवसांतच तर मुलीला उचलून नेलेले असते. मार्च २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याबद्दल सगळ्या न्यायालयांना मार्गदर्शक सूचना दिल्या. ते प्रकरणही केरळचेच. आई-वडिलांनी नेलेल्या मुलीसाठी तिच्या जोडीदार मुलीने याचिका केली होती. जोडीदाराने किंवा मैत्रिणीने याचिका केली तर तुमचे नाते काय ते खोदत बसू नका. अशा याचिका लवकर लावा. मुलीला समोर आणा आणि न्यायमूर्तींनी चेंबरमध्ये तिच्याशी बोलावे. तिला ज्यांनी ठेवले असे म्हणतात ते त्या वेळी आसपास नकोत. तिचे मन वळवण्यासाठी समुपदेशनाला पाठवू नका. घरी जायचे नाही म्हणाली तर लगेच मोकळी करा आणि गरज असेल तर संरक्षण द्या. पाणी, बसायला नीट जागा, स्वच्छतागृह, हेसुद्धा त्या निकालात लिहिले आहे. बाकावर त्या मुलींच्या शेजारी बसलेल्या बाईला विचारून लिहिले असावे इतके ते बरोबर आहे.

मी मुलाचीच बाजू घेते असे कोणी समजू नये. एका मुलीला आम्ही परजिल्ह्यातून आणले, तिला खोलीवर गेल्यावर कळले होते की त्या माणसाला बायको आहे, लेकरू आहे. फोन त्याने काढून घेतला होता, बाहेर जाताना तो कुलूप लावून जायचा. वडिलांनी हेबियस केली नसती तर ती तिथून निघाली नसती. ती वडिलांसोबत गेली, आणि गाडीत बसेपर्यंत तिने त्यांचा हात सोडला नाही. ही याचिका त्या बापासाठीही तितकीच आहे. म्हणून ती करणारा बाप आहे की नवरा, यावरून आधीच मत बनवून गाडीत बसू नये.

बापांबद्दल आणखी एक. खेड्यात मुलगी गेली की फक्त बाप आणि मुलगी इतकेच ते राहत नाही. भावकी दारात येऊन बसते. धाकट्या बहिणीला स्थळे यायची थांबतात. लग्नपत्रिकेवरून नाव जाते, मयतीला कोणी बोलवत नाही. एका बापाने मला सांगितले होते, 'मॅडम, मला पोरगी सुखी पाहिजे, पण मी भावकीत राहतो, पोरीत राहत न्हाई.' त्याला कायद्याचा धाक दाखवून काही होणार नव्हते. त्याला भावकीपुढे उभे राहायला कोणीतरी सोबत हवे होते. गावातली तंटामुक्ती समिती, पोलीस पाटील, शाळेचे मुख्याध्यापक हे काम करू शकतात, पण अशा वेळी यांतलेच काही जण जीपमध्ये पुढच्या सीटवर बसून खंडपीठात आलेले असतात. आणि हा ताण कुठपर्यंत जातो हे आपण पाहिले आहे. डिसेंबर २०२१ मध्ये वैजापूर तालुक्यात, स्वतःच्या पसंतीने लग्न केलेल्या मुलीच्या खुनाचा गुन्हा तिला भेटायला म्हणून आलेल्या आई आणि भावावर नोंदला गेला. आपल्या मराठवाड्यातली ही घटना. म्हणून मी बाकावरच्या त्या 'पाच मिनिटां'ना घाबरते.

आता उपाय. हे सगळे खंडपीठापर्यंत जायचे कारणच नसते. शेजारच्या बेळगाव जिल्ह्यातल्या एका प्राध्यापिकेच्या प्रकरणात फेब्रुवारी २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना सुनावले होते. मुलीने लग्नाचे कागद पाठवले, ती कुठे आहे ते कळले, तरीही ठाण्यात येऊन जबाब दे नाहीतर तुझ्या नवऱ्यावर अपहरणाचा गुन्हा लावू, असे तिला सांगितले गेले होते. अशी प्रकरणे कशी हाताळायची याचे प्रशिक्षण तपासी अधिकाऱ्यांना द्या, असे न्यायालयाने बजावले. मुलगी सापडल्यावर तिचा जबाब ती आहे तिथल्या ठाण्यात नोंदवता येतो. मॅजिस्ट्रेटसमोर जबाब हवा असेल तर पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या १६४ आणि आताच्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १८३ कलमाखाली तोही होतो. मूळ ठाण्यात, जिथे बाहेर चार गाड्या भरून भावकी थांबलेली आहे, तिथेच तिला आणायची काही गरज नाही.

आणि घरात अडकलेल्या मुलीसाठी तालुक्यालाच वाट आहे, जी फार थोड्यांना माहीत आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या १०० व्या कलमाखाली, म्हणजे जुन्या ९७ व्या कलमाखाली, बेकायदा अडकवलेल्या व्यक्तीला शोधून आणण्याचे वॉरंट जिल्हाधिकारी, उपविभागीय दंडाधिकारी किंवा प्रथमवर्ग न्यायदंडाधिकारी काढू शकतात. जिंतूरच्या, गंगाखेडच्या, वसमतच्या माणसाला त्यासाठी जालना रोड गाठावा लागत नाही. वकिलाला पैसे नसतील तर तालुका विधी सेवा समितीकडे जावे. कोणत्याही स्त्रीला, तिचे उत्पन्न कितीही असो, तिथे मोफत वकील मिळतो. घरातल्या मुलीला हे कळणार कसे, असा प्रश्न आहे. तिच्या मैत्रिणीला कळले तरी पुरे आहे, कारण तक्रार मैत्रीणही करू शकते.

मार्च २०१८ मध्ये शक्ती वाहिनी संस्थेच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने सांगितले होते की अशा जोडप्यांसाठी प्रत्येक जिल्ह्यात विशेष कक्ष आणि चोवीस तासांची हेल्पलाइन हवी, आणि सुरक्षित निवाराही असावा, जिथे नाममात्र शुल्कात आधी महिनाभर आणि गरज असेल तर वर्षभरापर्यंत राहता येईल. आपल्या राज्याच्या गृह विभागाने २०२४ च्या अखेरीस त्याची कार्यपद्धती ठरवून दिली. कागद निघाला, हे चांगलेच झाले. पण रात्री अकरा वाजता एसटी स्टँडवर उतरलेल्या एकोणीस वर्षांच्या मुलीला त्या निवाऱ्याचा फोन नंबर कोण देणार? ती ११२ फिरवेल, तो फोन बहुधा त्याच ठाण्याच्या गाडीला जाईल जिथे तिच्या वडिलांची मिसिंग दाखल आहे, आणि गाडीतला शिपाई तिला पहिल्यांदा वडिलांनाच फोन लावायला सांगेल. त्या शिपायाला हे नंबर पाठ असले पाहिजेत. मी नोकरीत असताना तरुण मुलींच्या तुकडीला हेच सांगत आले: तिच्या घरी फोन लावू नका, आधी तिला विचारा.

संपादक महोदय, आपल्याकडे दोन विनंत्या. अशा बातम्यांत मुलीचे गाव, तालुका, मुलाचे कामाचे ठिकाण आणि दोघांची जात छापू नये. न्यायालयाने तिला मोकळे केले त्याच्या दुसऱ्या दिवशी तिचा पत्ता आपल्या अंकातून तिच्या भावकीला मिळतो. दुसरी विनंती, मराठवाड्यातल्या आठही जिल्ह्यांतल्या विशेष कक्षांचे, सुरक्षित निवाऱ्यांचे आणि विधी सेवा प्राधिकरणांचे दूरध्वनी क्रमांक आपल्या जिल्हा प्रतिनिधींनी पोलीस अधीक्षक आणि जिल्हाधिकारी कार्यालयांतून मागवावेत, प्रत्येक नंबर एकदा स्वतः लावून पाहावा आणि मगच छापावा. ज्या जिल्ह्यात निवारा अजून सुरू नसेल तिथे तसे लिहावे. दर महिन्याच्या एका ठरावीक दिवशी तो तक्ता पहिल्या पानावर आला तर महाविद्यालयांच्या ग्रंथालयांत आणि ग्रामपंचायतींत लोक तो कापून भिंतीला लावतील. ज्या कार्यालयांनी क्रमांक दिले नाहीत त्यांची नावेही त्याच तक्त्यात छापावीत.

आपली विश्वासू,
एक निवृत्त सहायक फौजदार
(जिल्हा परभणी. नाव आणि पत्ता आपल्याकडे वेगळा दिला आहे. ज्या मुलींबद्दल लिहिले त्यांच्यासाठी तो छापू नये.)